मुदतपूर्व बदली: रुजू व्हायचं, की मॅटमध्ये जायचं?

प्रश्न थोडक्यात असा. विचारणारे गृहस्थ राज्य शासनाच्या एका जिल्हा कार्यालयात गट-ब (अराजपत्रित) पदावर आहेत. गेल्या वर्षी जूनमध्ये नियमित बदलीने साताऱ्याला आले. यंदा ऑक्टोबरात, म्हणजे सोळाच महिन्यांत, ‘प्रशासकीय कारणास्तव’ त्यांची नंदुरबारला बदली झाली. त्यांच्या जागेवर कोल्हापूरहून एक जण ‘विनंतीनुसार’ येत आहेत. पत्नी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका, मुलगा दहावीत. आदेश शुक्रवारी संध्याकाळी व्हॉट्सॲपवर आला. ते विचारतात, या बदलीला मॅटमध्ये, म्हणजे सरकारी नोकरीचे वाद ऐकणाऱ्या महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, आव्हान देता येतं का, आणि तोवर रुजू व्हायचं की नाही?

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो, कारण माणसं तिथेच फसतात.

बदलीचा आदेश हातात पडला की दहापैकी सात जण पहिली गोष्ट करतात ती म्हणजे वैद्यकीय रजा. छातीत दुखतंय, पाठीचा मणका, काहीतरी. आदेश घेतलाच नाही की तो लागू होणार नाही, अशी एक भाबडी समजूत सरकारी कचेऱ्यांत पिढ्यान् पिढ्या चालत आली आहे. प्रत्यक्षात काय होतं? कार्यालय तुम्हाला एकतर्फी कार्यमुक्त करतं, नवा माणूस येऊन कार्यभार घेतो, आणि पंधरा दिवसांनी तुम्ही वकिलाकडे येता तेव्हा स्थगिती मागायला काही उरलेलंच नसतं. वर रजा नामंजूर झाली तर अनधिकृत गैरहजेरीची खातेनिहाय चौकशी.

सर्वोच्च न्यायालयाचा 1989 चा गुजरात इलेक्ट्रिसिटी बोर्ड विरुद्ध आत्माराम पोशानी हा निकाल याच मुद्द्यावर आहे. बदली होती सुरतहून उकाईला, म्हणजे फार लांबही नव्हे. कर्मचाऱ्याने निवेदनं दिली, पण रुजू झाला नाही. शेवटी नोकरी गेली आणि न्यायालयाने बोर्डाची बाजू उचलून धरली. नुसतं निवेदन दिल्याने आदेश थांबत नाही. स्थगिती किंवा रद्दबातलीचा लेखी आदेश हातात नसेल, तर जावं लागतं. रुजू होताना अहवालात ‘माझे कायदेशीर हक्क राखून’ एवढे शब्द लिहा. रुजू झालात म्हणून आव्हानाचा हक्क बुडत नाही. जागा परत मिळवणं अवघड होतं, हे मात्र खरं.

तेव्हा तुमच्याकडे असलेला वेळ म्हणजे शुक्रवार संध्याकाळ ते कार्यमुक्तीचा क्षण. आदेश नाकारू नका. पोच देताना तारखेसोबत वेळही घाला. रविवारपर्यंत कागद गोळा करा, सोमवारी वकिलाकडे बसा.

आता पहिला प्रश्न. तुमच्या पत्रात जवळजवळ पाऊण भाग मुलाची दहावी, पत्नीची नोकरी आणि आईच्या गुडघ्यांवर आहे. बदलीची फाईल नेमकी कोणाकडून आली, मान्यता कोणी दिली, यावर एक ओळही नाही. चोवीस वर्षं हेच काम करतोय म्हणून सांगतो, बदली रद्द होते ती तुमच्या अडचणीमुळे नव्हे, त्यांच्या फाईलीतल्या चुकीमुळे. अडचण न्यायाधिकरणाला कळते, सदस्यही माणसंच आहेत, पण निकाल त्यावर लिहिता येत नाही. बदली ही सेवेची अटच आहे, अमुक जागेवर राहण्याचा कोणालाही हक्क नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने इतक्यांदा सांगितलंय की सरकारी वकील ते झोपेतही म्हणून दाखवतील.

ते कोणते निकाल वाचतील तेही सांगून ठेवतो: शिल्पी बोस विरुद्ध बिहार राज्य, 1991 आणि भारत सरकार विरुद्ध एस. एल. अब्बास, 1993. दोन्हींचा सूर असा, की मार्गदर्शक सूचनांचा भंग झाला म्हणून बदली रद्द होत नाही, आणि न्यायालयांनी प्रशासनाच्या रोजच्या कामात हात घालू नये. ऐकून घाबरू नका. शिल्पी बोसमध्येच लिहिलंय की बंधनकारक वैधानिक नियमाचा भंग असेल किंवा दुष्ट हेतू असेल तर हस्तक्षेप होऊ शकतो. महाराष्ट्राचा कर्मचारी इथेच बाकीच्यांहून वेगळा ठरतो, कारण आपल्याकडे असा वैधानिक नियम आहे. केंद्राच्या कर्मचाऱ्याकडे बहुतेक वेळा धोरण असतं, आपल्याकडे कायदा आहे.

त्या कायद्याचं नाव लांबलचक आहे: महाराष्ट्र शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्यांचे विनियमन आणि शासकीय कर्तव्ये पार पाडताना होणाऱ्या विलंबास प्रतिबंध अधिनियम, 2005. अण्णा हजारे यांच्या आंदोलनाच्या रेट्यातून आलेला, 1 जुलै 2006 पासून लागू. कचेरीत सगळे त्याला ‘बदली कायदा’च म्हणतात. विलंबाचा अर्धा भाग कोणाला आठवत नाही, तो वेगळा विषय.

तुमच्यासाठी त्यातली तीनच कलमं कामाची. कलम 3 म्हणतं की एका पदावरचा सर्वसाधारण कालावधी तीन वर्षं. (गट-क मधल्या मंत्रालयाबाहेरच्या कर्मचाऱ्यांना त्या कार्यालयात किंवा विभागात असे दोन कालावधी, म्हणजे सहा वर्षं मिळतात. हे वाचणाऱ्या लिपिकांनी लक्षात ठेवावं.) कलम 4 म्हणतं की हा कालावधी पुरा झाल्याशिवाय सहसा बदली नको, आणि बदल्या वर्षातून एकदाच, एप्रिल किंवा मे महिन्यात. कलम 6 मध्ये कोणाची बदली कोणी करायची याचा तक्ता आहे.

तुमच्या आदेशाला दोन वेगळी कुलुपं आहेत आणि सरकारने दोन्ही उघडलीत का, ते बघायचं. तुमची बदली ऑक्टोबरात झाली, म्हणून ती मध्यावधी. कलम 4(4) च्या परंतुकाप्रमाणे (म्हणजे त्यातल्या अपवादाच्या तरतुदीप्रमाणे) अशी बदली करायला एक तर निवृत्ती, पदोन्नती, राजीनामा वगैरेंमुळे रिकामी झालेली जागा भरायची असली पाहिजे, नाहीतर अपवादात्मक परिस्थिती किंवा विशेष कारणं लेखी नोंदवून वरच्या प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता घेतलेली असली पाहिजे. तीन वर्षं झाली नाहीत, म्हणून ती मुदतपूर्वही आहे. त्याला कलम 4(5): विशेष प्रकरण, लेखी कारणं, आणि तक्त्यातल्या लगतच्या वरच्या प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता. गट-ब अराजपत्रितांसाठी सक्षम प्राधिकारी विभागप्रमुख. त्यांच्या वरचे प्राधिकारी म्हणजे सचिवांशी सल्लामसलत करून निर्णय घेणारे प्रभारी मंत्री. म्हणजे आयुक्त किंवा संचालकांच्या पातळीवरच सही झाली असेल आणि फाईल मंत्रालयात गेलीच नसेल, तर अर्धं काम तिथेच झालं.

‘पूर्वमान्यता’ या शब्दातल्या ‘पूर्व’वर कितीतरी खटले उभे राहिले. माझ्याकडे काही वर्षांपूर्वी एक प्रकरण होतं. आदेशावर छान वाक्य होतं, ‘सक्षम प्राधिकाऱ्याच्या मान्यतेने’. न्यायाधिकरणाने मूळ नस्ती, म्हणजे बदलीची फाईल, मागवली. सरकारी वकिलांनी ती टेबलावर ठेवली, लाल नाडी सोडली, आणि सदस्यांनी शांतपणे पानं उलटायला सुरुवात केली. आदेश 12 तारखेचा. टिप्पणीवर वरची सही 16 तारखेची, आणि बाजूला बॉलपेनने ‘कार्योत्तर’, म्हणजे मान्यता आदेशानंतरची. माझा युक्तिवाद तीन मिनिटांत संपला. त्या नस्तीत एका लोकप्रतिनिधीचं पत्रही होतं, पण त्याची गरजच पडली नाही.

लेखी कारणांचंही तसंच. ‘प्रशासकीय कारणास्तव’, ‘प्रशासकीय निकड’, ‘जनहितार्थ’ हे शब्द आदेशावर असले तरी चालतात. पण नस्तीवरही तेवढेच असतील तर चालत नाही. मुंबई उच्च न्यायालयाने 2013 मध्ये किशोर म्हस्के प्रकरणात मुदतपूर्व बदलीसाठी खरीखुरी कारणं नोंदलेली हवीत, नुसता ठरावीक शब्दप्रयोग पुरत नाही, अशी भूमिका घेतली. मॅटमध्ये हा निकाल इतक्यांदा वाचला जातो की कोणी त्याचं पूर्ण नावही घेत नाही, ‘म्हस्के’ म्हटलं की पुरतं.

त्यात नागरी सेवा मंडळाची, म्हणजे बदल्यांची शिफारस करणाऱ्या अधिकाऱ्यांच्या मंडळाची, पायरी आहे. टी. एस. आर. सुब्रमणियन प्रकरणात 31 ऑक्टोबर 2013 रोजी सर्वोच्च न्यायालयाने अशी मंडळं नेमायला सांगितली आणि राज्याने 31 जानेवारी 2014 च्या शासन निर्णयाने ती नेमली. मंडळाची शिफारस मान्य करायलाच हवी असं नाही, पण बाजूला सारताना कारण लिहावं लागतं. इथे फार गमतीजमती चालतात. बैठकच होत नाही, कागद फिरवून सह्या घेतल्या जातात. एका इतिवृत्तात मी बावीस जणांच्या बदल्यांपुढे एकच कारण पाहिलंय, वर एकदा लिहिलेलं आणि खाली ‘,,’ अशी खूण. तुमचं नाव मंडळाच्या यादीत होतं का, की वरून आलं? जवळजवळ सगळी लढाई या एका प्रश्नात आहे.

तुमच्या बाबतीत मला सर्वांत जास्त रस कोल्हापूरच्या त्या गृहस्थांत आहे. ते विनंतीवर आले. त्यांची विनंती मान्य करायला जागा हवी होती, आणि ती करण्यासाठी तुम्हाला उचललं, असं सकृद्दर्शनी दिसतं. मग तुमच्या बदलीचं ‘प्रशासकीय कारण’ म्हणजे दुसऱ्याची सोय. हे थेट मांडता येतं, आणि दोघांची नावं एकाच आदेशात, लागोपाठच्या अनुक्रमांकांवर असतील तर फारसं पटवावंही लागत नाही. फक्त त्यांना प्रतिवादी करायला विसरू नका. ज्याची खुर्ची जाणार त्याचं ऐकल्याशिवाय आदेश होत नाही, आणि ‘आवश्यक पक्षकार जोडले नाहीत’ एवढ्यावर तारीख पडली की तुमचा आठवडा गेला.

आमदारांच्या शिफारशीचा मुद्दा लोकांना फार आवडतो. जपून. 2007 च्या मोहम्मद मसूद अहमद विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलंय की लोकप्रतिनिधीने तक्रार किंवा शिफारस केली एवढ्याने बदली बेकायदा होत नाही, लोकांच्या तक्रारी मांडणं हे त्यांचं कामच आहे. प्राधिकाऱ्याने स्वतःची बुद्धी वापरलीच नाही, पत्र आलं आणि तसाच आदेश निघाला, एवढं दाखवता आलं तरच मुद्दा टिकतो. आणि एक विचारून ठेवतो, राग मानू नका: साताऱ्याला येताना तुम्ही स्वतः कोणाचं पत्र आणलं नव्हतं ना? असेल तर ते त्याच नस्तीत आहे आणि सरकारच्या शपथपत्राला परिशिष्ट म्हणून जोडलं जाईल. वर्तणूक नियमांप्रमाणे बाहेरचं वजन आणणं हे गैरवर्तनच आहे. माझ्या एका पक्षकाराने एका पालकमंत्र्यांच्या हस्तक्षेपावर दोन पानं लिहायला लावली होती. उत्तरात सरकारने त्याच पालकमंत्र्यांचं, माझ्या पक्षकारासाठीचं जुनं शिफारसपत्र जोडलं. ती दोन पानं मी पुढच्या तारखेला वाचलीच नाहीत.

दुष्ट हेतू हे अजून जड प्रकरण. सिद्ध करण्याचा भार तुमच्यावर, आणि ज्याच्यावर आरोप करता त्याला नावानिशी प्रतिवादी करावं लागतं. पुरावा नसताना साहेबांवर शिंतोडे उडवू नका. निवृत्तीपर्यंत त्याच खात्यात राहायचंय. मात्र तक्रारीवरून शिक्षा म्हणून बदली झाली असेल, तर चित्र बदलतं. सोमेश तिवारी विरुद्ध भारत सरकार, 2009 मध्ये निनावी तक्रारीवरून एका अधिकाऱ्याला भोपाळहून शिलाँगला धाडलं होतं. चौकशीत तक्रारीत तथ्य निघालं नव्हतं, तरीही. सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश टिकू दिला नाही. शिक्षाच करायची तर चौकशी करा, बदलीच्या आडून नको. आपल्या सामान्य प्रशासन विभागाच्या फेब्रुवारी 2015 मधल्या परिपत्रकाचाही रोख हाच आहे: तक्रार आली तर आधी शहानिशा, तथ्य असेल तर शिस्तभंगाची कारवाई, आणि तरीही हलवायचंच असेल तर तसं लिहा. ‘तुमच्याविरुद्ध तक्रारी आहेत’ असं कोणी तोंडी म्हणालंय का? त्या तक्रारीवर तुमचा खुलासा कधी मागवला होता का? आठवून बघा.

मुलाच्या दहावीचा मुद्दा पूर्ण फुकट जात नाही. 1994 च्या ओ. करुप्पा थेवन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलंय की मुलं शिकत असताना, तातडीची निकड नसेल तर, शैक्षणिक वर्षाच्या मध्ये बदली अमलात आणू नये. त्यात बदली कायमची रद्द झाली नव्हती, वर्ष संपेपर्यंत थांबली होती. म्हणून ही मागणी पर्यायी विनंती म्हणून शेवटी घाला. मुख्य मागणी मार खाऊ लागली तर निदान परीक्षेपर्यंतचा अवधी मिळतो. बोनाफाईड आणि परीक्षेच्या अर्जाची प्रत सोबत असू द्या. पती-पत्नी एकत्रीकरणाच्या धोरणावर मात्र फार विसंबू नका. बँक ऑफ इंडिया विरुद्ध जगजितसिंग मेहता, 1992 पासून भूमिका तीच आहे: शक्य असेल तिथे एकत्र ठेवा, पण तो हक्क नव्हे.

जायचं कुठे? राज्य शासनाचे कर्मचारी असल्याने तुम्हाला महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे मॅट. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे खंडपीठं आहेत, साताऱ्याचं काम मुंबईला. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, 1985 च्या कलम 19 खाली मूळ अर्ज करायचा. मुदत कागदावर एक वर्षाची आहे, पण बदलीच्या प्रकरणात एक आठवडासुद्धा उशीर असतो. सरकारी वकिलांच्या कार्यालयाला आधी प्रत द्या. एकतर्फी अंतरिम आदेश मिळाला तरी कलम 24 प्रमाणे तो चौदा दिवसांपलीकडे आपोआप चालत नाही, त्यामुळे समोरच्याला हजर ठेवून मिळवलेली स्थगिती जास्त टिकाऊ. थेट उच्च न्यायालयात जाऊ का, असं बरेच जण विचारतात. नाही. 1997 च्या एल. चंद्रकुमार निकालानंतर रांग ठरलेली आहे: आधी न्यायाधिकरण, मग त्याच्या आदेशाविरुद्ध उच्च न्यायालयाचं दोन न्यायमूर्तींचं खंडपीठ.

हे वाचणारे सगळे राज्य शासनाचे नसतील, म्हणून घाईने सांगतो. जिल्हा परिषदेचे कर्मचारी आणि शिक्षक मॅटमध्ये जात नाहीत, त्यांचा वाद उच्च न्यायालयात जातो. केंद्राच्या कर्मचाऱ्यांना कॅट, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण. पोलिसांना बदली कायद्याऐवजी महाराष्ट्र पोलीस अधिनियमाचं कलम 22-न आणि पोलीस आस्थापना मंडळ, मंच मात्र मॅटच. एसटीचा चालक-वाहक किंवा कार्यशाळेतला कामगार असेल, तर त्याच्या हातात एक वेगळं हत्यार आहे: 1971 च्या कामगार संघ मान्यता आणि अनुचित कामगार प्रथा कायद्याची चौथी अनुसूची. धोरणाच्या नावाखाली दुष्ट हेतूने केलेली बदली ही तिथे अनुचित प्रथा ठरते. नव्वद दिवसांत औद्योगिक न्यायालयात तक्रार करायची.

राष्ट्रीयीकृत बँकांचे अधिकारी सहसा हरतात, कारण संपूर्ण भारतात बदलीची अट त्यांनी सही करून घेतलेली असते. पण 2020 मधला पंजाब अँड सिंध बँकेचा निकाल त्यांनी जरूर वाचावा. इंदूरच्या शाखेतल्या महिला अधिकाऱ्याने गैरव्यवहाराकडे बोट दाखवलं आणि वरिष्ठाविरुद्ध लैंगिक छळाची तक्रार केली. त्यांना जबलपूर जिल्ह्यातल्या, त्यांच्यापेक्षा बऱ्याच खालच्या श्रेणीच्या अधिकाऱ्यासाठी असलेल्या शाखेत पाठवलं. सर्वोच्च न्यायालयाने बदली रद्दच ठेवली, इंदूरला परत नेमणूक द्यायला सांगितली आणि बँकेला 50,000 रुपये खर्चाचा आदेश दिला. तिथेही बाजू सावरली ती कागदांनी. पत्रं, तारखा, आणि त्या शाखेत आजवर कोणत्या श्रेणीचे अधिकारी होते, ती नोंद.

परत तुमच्याकडे. सोमवारी येताना बदलीचा आदेश पूर्ण यादीसकट आणा, फक्त तुमच्या नावाचं पान नको. गेल्या वर्षीचा पदस्थापनेचा आदेश आणि रुजू अहवाल आणा. मागच्या गोपनीय अहवालांची प्रतवारी आणा. एखादी कारणे दाखवा नोटीस लपवून ठेवली असेल तर तीही आणा, ती समोरच्याकडून कळण्यापेक्षा तुमच्याकडून कळलेली बरी. माहिती अधिकाराचा अर्ज टाकायला हरकत नाही, पण तीस दिवस वाट बघत बसू नका. नस्ती हजर करण्याची मागणी मूळ अर्जातच करतो.

आणि विभागप्रमुखांना एक पानी निवेदन आजच ईमेल करा. त्यात तीन वर्षं पूर्ण नाहीत, बदली ऑक्टोबरात आहे, पूर्वमान्यता दिसत नाही, मुलगा दहावीत आहे, एवढंच. खाली ‘साताऱ्यात शक्य नसल्यास पुणे किंवा सांगली येथे पदस्थापना मिळावी’ ही ओळ मात्र घालू नका. सगळे घालतात. सुनावणीच्या दिवशी सरकारी वकील उभे राहून सगळ्यात आधी तीच ओळ वाचून दाखवतात.